तुम्ही कोणाकडचे? आम्ही मुलीकडचे!

मैत्रिणीच्या लग्नाला निघालाय? तेही थेट तिच्या गावी, कर्जतला? मग बॅगेत काय भरायचं, याचा फंडा आधी क्लिअर करून घ्या. कारण नवरदेवाच्या मित्रांचं ठरलेलं असतं... नाचायचं आणि जेवायचं. प्रश्न असतो तो मुलीकडच्या पुरुषांचा!

*

ऑफिसातल्या मैत्रिणीची पत्रिका टेबलवर येते. 'चि. सौ. कां.' वगैरे वाचून आपण तिला यथेच्छ चिडवून घेतो. मग नजर लग्नस्थळावर जाते. मु. पो. कर्जत. लगेच कोणीतरी ओरडतं, "अरे वा! लोकल, बटाटेवडा, नेरळ, माथेरान... वीकेण्डच झाला की!"

थांबा राव. ते कर्जत रायगडातलं. पत्रिकेत लिहिलेलं कर्जत अहिल्यानगर जिल्ह्यातलं आहे (2024 पर्यंत या जिल्ह्याचं नाव अहमदनगर होतं). तिथे धबधबे नाहीत की फार्महाऊस नाहीत. आहे तो लांबच लांब माळ, बाभळी, मध्येच उसाचा हिरवा तुकडा, आणि एप्रिल-मे महिन्यात चाळिशी पार करणारं ऊन. लग्नाचे मुहूर्तही नेमके त्याच दिवसांत जास्त! तेव्हा सँगीतसाठी घेतलेली ती मखमली शेरवानी कपाटातच राहू द्या. का, ते पुढे येईलच.

पुण्याहून निघालात तर सोलापूर हायवे पकडायचा. भिगवण आलं की डावीकडे वळायचं. हिवाळा असेल तर उजनीच्या फुगवट्यावर फ्लेमिंगोंचा गुलाबी थवा दिसू शकतो. तिथून राशीन, आणि मग कर्जत. चहाचे थांबे धरून साडेतीन-चार तासांचा हिशेब ठेवा. राशीनला जगदंबेचं मंदिर आहे. तिथल्या उंच दीपमाळा हलवल्या की हलतात, असा त्यांचा लौकिक. पाच मिनिटं थांबायला हरकत नाही. फक्त मुहूर्ताची वेळ पाहून घ्या... जरी तो मुहूर्त अर्धा-पाऊण तास पुढे जाणारच असला तरी!

आधी समजून घ्या बस्ता

शहरात आपण 'वेडिंग शॉपिंग' म्हणतो. कर्जतकडे त्याला म्हणतात 'बस्ता'. बस्ता बांधणं म्हणजे दोन्हीकडची पंधरा-वीस माणसं एकाच दुकानात पांढऱ्या गाद्यांवर मांडी घालून बसणार. समोर साड्यांचा ढीग पडणार, चहा येणार, पुन्हा चहा येणार, आणि दिवस संपेपर्यंत दोन्ही घरांतल्या प्रत्येक मानकऱ्याच्या कपड्यांची गाठोडी बांधली जाणार. नवरीचा शालू मुलाकडून आणि नवरदेवाचा पोशाख मुलीकडून, अशी साधारण रीत. त्यानंतर आजी, आत्या, मावश्या, काक्या, जावई, व्याही अशी यादी लांबत जाते.

गंमत म्हणजे या सगळ्या यादीत मुलीकडच्या पुरुषांचा नंबर सगळ्यात शेवटी. बायकांच्या साड्या तीनदा बदलून होतात, नवरदेवाच्या शेरवानीवर तासभर चर्चा झडते, आणि मग दुकानदार विचारतो, "पुरुष मंडळींचं काय?" तेव्हा मुलीचे वडील म्हणतात, "द्या टॉवेल-टोपी, आपल्या घरच्यांना काय एवढं..." नाहीतर पँटपीस-शर्टपीस. हे पीस म्हणजे एक वेगळंच प्रकरण. ते शिवायचे नसतात, फिरवायचे असतात. या लग्नात मिळालेला पीस पुढच्या लग्नात आहेर म्हणून जातो. एखादा करड्या रंगाचा शर्टपीस तर न उघडताच अख्खी पंचक्रोशी फिरून आलेला असतो!

या थट्टेमागे एक जुना हिशेबही आहे. मुलीकडच्या पुरुषानं मिरवायचं नसतं, राबायचं असतं. पाहुणे उतरवून घ्यायचे, पाण्याचा टँकर आला का पाहायचं, आचाऱ्याला तेल कमी पडतंय का विचारायचं. अशा माणसाला कोण कशाला चांगला पोशाख घेईल?

तीन मान, तीन पोशाख

तरीही लग्नात मुलीकडच्या पुरुषांच्या वाट्याला तीन ठळक जागा येतात. तिथे त्यांच्याकडे सगळ्यांचं लक्ष असतं.

पहिली जागा मामाची. माईकवरून घोषणा होते, "मुलीच्या मामांनी मुलीला मंडपात घेऊन यावे!" आणि पुढची सगळी मंगलाष्टकं मामा तिच्या पाठीशी उभा असतो. फोटोत नवरीच्या मागे जो चेहरा दिसतो, तो त्याचाच. मामाचा जुना ब्रँड म्हणजे सफारी. बिस्किटी किंवा राखाडी रंग, खिशाला पेन. आता त्याच्या जागी पांढराशुभ्र लिननचा शर्ट, कडक इस्त्री आणि डोक्याला फेटा आलाय. माझं मत विचाराल तर मामासाठी धोतर किंवा साधा पायजमा, त्यावर नेहरू शर्ट आणि खांद्यावर उपरणं, याला तोड नाही. मागे उभं राहायचं असल्यानं डोळे दिपवणारा रंग नको. नवरीच्या शालूला तो मागून खाऊन टाकतो.

दुसरी जागा भावाची. लाजाहोमात बहिणीच्या ओंजळीत लाह्या घालायच्या त्यानं आणि नवरदेवाचा कान पिळायचा तोही त्यानंच. कानपिळीबद्दल पोशाख, घड्याळ किंवा पाकीट वसूल केल्याशिवाय कान सोडायचा नाही, हा त्याचा हक्क! पण इथे प्रॅक्टिकल व्हा. होमाशेजारी बसायचं आहे, तिथे धूर आहे, ठिणग्या आहेत. सिंथेटिक ओढणीसारखा स्टोल गळ्यात लटकवलात तर लाह्यांआधी तोच पेटायचा. सुती किंवा खादीचा कुर्ता घाला, बाह्या दुमडता येतील असा. मांडी घालून बसता येईल असा पायजमा निवडा. आणि खिसे पाहिजेतच, किमान दोन. त्या दिवशी गाड्यांच्या किल्ल्या, आचाऱ्याचा ॲडव्हान्स, गुरुजींची दक्षिणा, करवलीचा मोबाइल असं सगळं भावाच्याच खिशात असतं. डिझायनर कुर्ते शिवणाऱ्यांना हे कोणी तरी सांगा रे!

तिसरी जागा वडिलांची. तिच्याकडे वळूच, पण शेवटी. ती जरा वेगळी आहे.

आणि चौथे तुम्ही!

मामा नाही, भाऊ नाही, काकाही नाही. नवरीचा ऑफिसातला मित्र. पुण्यात यात काहीच विशेष नाही. पण कर्जतच्या लॉनवर पाऊल टाकलंत की पाचव्या मिनिटाला एखादे पांढऱ्या टोपीतले आजोबा विचारतात, "काय पाव्हणं, कुणाकडचं म्हणायचं?"

"मुलीकडचे, आजोबा."

"असं व्हय. नात्यानं कोण?"

"एका ऑफिसात काम करतो आम्ही."

आणि आजोबा तुम्हाला वरपासून खालपर्यंत एकदा पाहून घेतात. गॉगल, केस, शर्टाची वरची दोन उघडी बटणं, बूट... सगळं!

मित्रांनो, ही नजर हसण्यावारी नेऊ नका. ती तुमच्यासाठी नसते, तुमच्या मैत्रिणीसाठी असते. तालुक्याच्या गावातून शिकायला आणि मग नोकरीला शहरात गेलेल्या मुलीबद्दल गावाला चार वर्षं एक प्रश्न पडलेला असतो... ती तिथे कोणात वावरते? त्याचं उत्तर आज प्रथमच सदेह समोर उभं आहे, तुमच्या रूपात. तुमच्या कपड्यांवरून आणि वागण्यावरून तिच्या ऑफिसची, तिच्या शहराची परीक्षा होते. आणि रिझल्ट तिच्या मागे उभ्या असलेल्या मुलींना लागतो.

अतिशयोक्ती वाटते? आम्ही चौघे असेच एका लग्नाला गेलो होतो. नवरीच्या चुलत्यांनी आम्हाला जरा वेळ निरखलं आणि मग काही न बोलता हातात मठ्ठ्याच्या बादल्या दिल्या. दोन पंगती वाढून झाल्यावर ते स्वतः आम्हाला घेऊन जेवायला बसले. त्यांची मुलगी बारावीला होती. जेवता जेवता चौकशा सुरू झाल्या. पुण्यात होस्टेल कुठे चांगलं, कॉलेजहून परतायला उशीर झाला तर मुली कशा येतात, तुमच्या ऑफिसात मुली किती, रात्रीची ड्यूटी असली तर गाडी घरापर्यंत सोडते का? ती मुलगी समोर जिलेबी वाढत होती, पण तिचे कान आमच्याकडेच होते. त्या घरात पुढे काय ठरलं, ते त्यांचं ते जाणोत. पण जीन्सवर बॉलिवूडी जॅकेट चढवून आम्ही वरातीत लोळण घेतली असती, तर हे प्रश्न आम्हाला विचारलेच गेले नसते, एवढं मात्र नक्की.

म्हणून नवरीच्या मित्रासाठी ड्रेसकोड एकाच ओळीचा. भावासारखं दिसायचं, हिरोसारखं नाही.

काळवीट आणि काळा सूट

कर्जतपासून जवळच रेहेकुरीचं काळवीट अभयारण्य आहे. 1980 साली जाहीर झालेलं, अवघं 2.17 चौरस किलोमीटरचं. लग्नाच्या दिवशी सकाळी लवकर उठलात तर जाऊन या. गवताळ माळावर कळप दिसतात. माद्या आणि पिल्लं फिकट तपकिरी, आणि मधूनच मान ताठ ठेवून चालणारा एखादा वयात आलेला नर. पाठ गर्द काळी, पोट पांढरंशुभ्र, डोळ्यांभोवती पांढरी कडी, डोक्यावर पीळदार शिंगं. अगदी टक्सिडो घालून आल्यासारखा! काळविटांच्या दुनियेत मिरवायचं काम नराचं असतं.

पण हा लूक त्यालाच शोभतो बरं का. आपल्याकडे काळा रंग संक्रांतीला चालतो, लग्नाला नाही. इंग्रजी सिनेमात पाहिलेला काळा थ्री-पीस मंडपात घालून गेलात तर नवरीची आजी तोंडावर काही बोलणार नाही, पण मनातून खट्टू होईल. शिवाय दुपारी साडेबाराचा मुहूर्त आणि पत्र्याचा मंडप! कोटातला माणूस मंगलाष्टकं संपायच्या आत वाफवलेला असतो. सूट घालायचाच असेल तर रिसेप्शन संध्याकाळी आहे का, ते आधी विचारा. असेल तर गडद निळा किंवा राखाडी घाला, आणि तोही सुती अस्तराचा.

रंगाबाबत आणखी एक गोष्ट. नवरदेव कोणत्या रंगात येणार आहे, हे नवरीला आधीच विचारून घ्या. तो मोती रंगाच्या शेरवानीत आणि तुम्हीही मोती रंगात, असं झालं तर व्हिडिओवाल्याचा गोंधळ आणि व्याह्यांच्या कपाळावर आठी, दोन्ही फुकटात मिळतील. आमसुली, मोरपंखी, हळदी, विटकरी, फिका हिरवा... आपल्या मातीतले रंग काय कमी आहेत?

फेटा बांधू या का, दादा?

मंडपाच्या दारातच फेटेवाला उभा असतो. साधारण आठ-नऊ मीटर कापड, एक टोक तुमच्या हातात नाहीतर दातात, आणि पाच मिनिटांत तुमच्या डोक्यावर तुरा आणि पाठीवर शेमला! मात्र उड्या मारण्याआधी थांबा. फेटे मोजून आणलेले असतात आणि ते कोणाला बांधायचे, हे ठरलेलं असतं. एखादे मावशीचे यजमान उघड्या डोक्यानं राहिले आणि फेटा ऑफिसवाल्यांना गेला, तर पुढची दहा वर्षं त्यावर बोललं जाईल. तेव्हा आपण होऊन मागायचा नाही. बोलावून बांधला तर मात्र नाही म्हणायचं नाही. तो मान आहे. आणि एकदा बांधला की उन्हाळ्यात तो डोकं थंड ठेवतो, हा बोनस.

फेट्याबद्दलचा एक बदल मात्र मनापासून आवडण्यासारखा आहे. बऱ्याच ठिकाणी फेट्यांचा थाट वरपक्षाचा असायचा. मुलाकडचे फेट्यात, मुलीकडचे टोपीत. कोण कोणाकडचं, हे लांबूनच कळायचं. आता अनेक लग्नांत दोन्हीकडच्यांना एकाच रंगाचे फेटे बांधतात. करवल्याही हौसेनं बांधून घेतात. व्यासपीठावर सगळी डोकी सारखी! कपड्यांतून बरोबरी दाखवायची याहून सोपी आयडिया मला तरी माहीत नाही.

टोपीची गोष्ट

आता ती तिसरी जागा... मुलीच्या वडिलांची.

जुन्या मराठी सिनेमातला एक सीन तुम्हीही पाहिलाय. लग्न मोडायची वेळ येते आणि मुलीचा बाप डोक्यावरची टोपी काढून व्याह्याच्या पायावर ठेवतो. टोपी म्हणजे अब्रू. म्हणजे मुलीकडचा पुरुष लग्नात जे घालायचा, ते प्रसंगी काढून दुसऱ्याच्या पायावर ठेवण्यासाठीच होतं की काय, असं वाटावं. सिनेमा सोडा, हुंडाबंदीचा कायदा 1961 सालचा आहे. तरीही 'आम्हाला काही नको, फक्त पाहुण्यांचा मानपान नीट करा' या एका वाक्यात अर्धी जमीन जाऊ शकते. सुपारी फुटते, यादी होते, त्या यादीत कोणाला किती भारी पोशाख, हे लिहिलं जातं. आणि हा सगळा भाग पावसाच्या भरवशावरचा. 2012-13 आणि 2018-19 च्या दुष्काळात नगर जिल्ह्यात जनावरं चारा छावणीत होती. अशा वर्षीही मुहूर्त थांबत नाहीत. बस्ता बांधलाच जातो, भले उधारीवर.

याच्या उलटही चालतं, हे विसरू नका. 'यादी पे शादी' हा शब्द तुम्ही ऐकला असेल. यादी करायला जमलेल्या पाहुण्यांतच, त्याच दिवशी लग्न उरकायचं. खर्च नाही, रुसवेफुगवे नाहीत. आणि ही काही आजची टूम नाही. महात्मा फुल्यांनी 1873 मध्ये सत्यशोधक समाज काढला आणि त्याच वर्षी 25 डिसेंबरला पहिलं सत्यशोधक लग्न पुण्यात लागलं, अगदी कमी खर्चात. हल्ली पत्रिकेच्या तळाला 'कृपया आहेर आणू नये' ही ओळ दिसते, तीही त्याच वाटेवरची.

आपण पाहुणे यात काय करू शकतो? थोडंसं करू शकतो. यजमानांनी आपल्यासाठी पोशाख घ्यावा, अशी वेळच येऊ द्यायची नाही. "काका, आम्ही घरचेच आहोत, एक टोपी द्या," असं हसून म्हणायचं. ती टोपी आवर्जून डोक्यावर घालायची आणि तिच्यासकट वाढायला उभं राहायचं. बघा, काकांच्या चेहऱ्यावरचा ताण किती कमी होतो ते. 'टीम ब्राइड' लिहिलेले टी-शर्ट छापून घेण्यापेक्षा हे स्वस्त, आणि त्याहून कितीतरी जास्त खरं.

बॅगेत काय भराल?

- दोन सुती किंवा खादीचे कुर्ते. एक हळदीसाठी, पिवळा पडला तरी चालेल असा. दुसरा लग्नासाठी.

- पायजमा नाडीचाच. जेवणं पाहता इलॅस्टिक किंवा नाडीशिवाय पर्याय नाही!

- पायात कोल्हापुरी नाहीतर साधी चप्पल. स्टेजवर चढताना दहा वेळा काढावी लागते. नव्या लेदर शूजची मुरमाच्या पार्किंगमध्ये वाट लागते.

- खांद्यावर एक सुती उपरणं. घाम पुसायला, ऊन अडवायला आणि फोटोत शोभायला, तिन्ही कामांना.

- गॉगल चालेल, पण वडीलधाऱ्यांशी बोलताना काढून. अत्तर चालेल, पण बेतानं.

- एक जुना टी-शर्ट. रात्री सामान टेम्पोत भरायला शेवटी मुलीकडचेच पुरुष लागतात.

- आणि हो, 1994 च्या 'हम आपके हैं कौन'नंतर गावोगावी जोरात सुरू झालेली ती जोडे लपवायची मोहीम. नवरदेवाचा जोडा तुमच्याकडे दिला जाण्याची दाट शक्यता आहे. त्यासाठी एक कापडी पिशवी ठेवा.

दुसऱ्या दिवशी निघायची घाई करू नका. कर्जतचं ग्रामदैवत गोदड महाराज. त्यांची रथयात्रा आषाढातल्या कामिका एकादशीला असते. तेव्हा नाही तरी एरवी दर्शनाला जाता येतं. परतताना थोडी वाट वाकडी करून भीमेकाठचं सिद्धटेक करा. अष्टविनायकांतला हा एकमेव उजव्या सोंडेचा गणपती. मंदिर अहिल्याबाई होळकरांनी बांधलेलं आहे, आणि त्यांचं जन्मगाव चौंडी इथून शेजारच्याच जामखेड तालुक्यात. घाटावर बसा, पाय पाण्यात सोडा. डोक्यावर कालची टोपी असेल तर राहू द्या. शेजारी बसलेलं कोणीतरी विचारेलच, "लग्नाला आलतात वाटतं? कुणाकडचं?"

सांगा बिनधास्त. मुलीकडचे.